सरांना पुरावा लागायचा

आमच्या घरमालकांना रस्त्यात कोणी "सर, जेवण झालं का?" असं विचारलं तर ते नुसतं "हो" म्हणत नसत. "झालं. मोरीत ताट पडलं आहे, वाटल्यास बघून या," असं म्हणत. विचारणारा हसायचा. सर हसत नसत. आपण एका माणसाला नीट विचार करायला शिकवलं असं त्यांना वाटायचं.

सांगलीत त्यांच्या घराच्या मागच्या दोन खोल्यांत आम्ही बरीच वर्षं काढली. आमचे हे चर्चच्या आवाराची देखरेख करायचे, घंटा वाजवायचे, दफनभूमीच्या फाटकाची किल्लीही त्यांच्याकडेच असे. सर त्याच मंडळीच्या कमिटीवरचे पंच. कराडच्या एका कॉलेजात तर्कशास्त्र शिकवून निवृत्त झालेले. बायको वारलेली, मूलबाळ नाही. त्यांचा दोन्ही वेळचा स्वयंपाक मी करायची, त्यामुळे त्यांचं बोलणं सगळ्यांत जास्त माझ्या कानांवरून गेलं. मी चौथी शिकलेली आणि चार माणसांत तोंड न उघडणारी. सरांना असा श्रोता फार आवडे.

"आमटीत मीठ आहे?" ते ताटावर बसून विचारायचे.

"आहे."

"कशावरून?"

"मी घातलं."

"घातल्याचं तुला आठवतं. आठवण म्हणजे ज्ञान नव्हे."

मग ते बोट बुडवून चव बघायचे आणि म्हणायचे, "आहे." एवढ्यासाठी माणूस इतकं शिकला.

गल्लीत त्यांना सगळे 'कशावरून सर' म्हणत. भाजीवाली कोथिंबीर ताजी म्हणाली की कशावरून. पोस्टमन साहेब बदलले म्हणाला की कशावरून. आमच्या यांना एकदा सणकून ताप भरला, मी पाण्याच्या पट्ट्या ठेवत होते, तर सर दारात येऊन "ताप आहे हे कशावरून?" म्हणाले. हात लावून बघा म्हटलं, तर म्हणाले, "हात हे मोजमाप नाही." स्वतःचा थर्मामीटर आणायला गेले. तो आणेपर्यंत यांना रिक्षात घालून दवाखान्यात नेलं होतं. संध्याकाळी सर माझ्यावर नाराज. आकडा कळायचा राहून गेला म्हणून.

पण हे सगळं वरवरचं. त्यांचा खरा जीव एकाच गोष्टीत होता. ते म्हणायचे, "लोक सांगतात, प्रभूवर विश्वास ठेवा. मी विश्वास ठेवत नाही. मला माहीत आहे. दोन्हींत फरक आहे." विश्वास म्हणजे त्यांच्या मते चुलीपुढच्या बायकांचा आणि लहान पोरांचा. ज्ञान म्हणजे कोर्टात उभं करता येईल असं. "प्रभू कबरेतून उठला ही माझी श्रद्धा नाही. ती मला असलेली माहिती आहे. पुलाखालून कृष्णा वाहते, तशी."

ईस्टरच्या रविवारी मंडळीपुढे भाषण करायचा मान दर वर्षी सरांचा. त्याची तयारी ते मागच्या अंगणात, माझ्या वाळत घातलेल्या कपड्यांमध्ये येरझारा घालत करायचे. मी लसूण सोलत असले तरी म्हणायचे, "समज, तू न्यायाधीश आहेस."

मी न्यायाधीश व्हायची. लसूण सोलत राहायची.

त्यांचा मुद्दा दर वर्षी एकच. कबर रिकामी आहे हे सगळ्यांत आधी कोणी पाहिलं? बायकांनी. त्या काळी बायकांची साक्ष कोणी धरत होतं का? नाही. शिष्यांनीही धरली नाही, बायकांची बडबड म्हणून सोडून दिली. मग कोणाला खोटी गोष्ट रचायची असती तर त्याने साक्षीला बायका उभ्या केल्या असत्या का? शहाण्याने चार प्रतिष्ठित पुरुष उभे केले असते. ज्या बोलण्याने आपलंच नुकसान होईल असं खोटं कोणी बोलत नाही. म्हणून ते खरं. इथे आले की सर थांबायचे, चष्मा काढायचे आणि विचारायचे, "पटलं?"

मी मान हलवायची. खरं सांगायचं तर मला ते पटायचंच. एवढ्या एका ठिकाणी सर बायकांची बाजू घेत.

गणपती दूध पितोय म्हणून सगळीकडे रांगा लागल्या होत्या, त्या दिवशी सर फार खुशीत होते. शेजारच्या काकूंच्या देव्हाऱ्यापुढे ते औषधाचा ड्रॉपर घेऊन गेले. दगडाच्या पृष्ठभागावरून द्रव कसा ओघळतो ते त्यांनी काकूंना, त्यांच्या सुनांना आणि रांगेतल्या सगळ्या बायकांना समजावलं. दूध पाटावर साचलं होतं ते बोटाने दाखवलं. काकू मूळच्या विट्याकडच्या, बोलायला पक्क्या. पदर खोचून म्हणाल्या, "सर, तुमचा देव मरून उठतो, ते चालतं. आमचा नुसतं घोटभर दूध पितोय, तर तुमच्या पोटात का दुखायलंय?"

"आमच्याकडे साक्षीदार आहेत," सर म्हणाले.

"आमच्याकडं सगळी गल्ली हाय की. व्हय गं?"

गल्ली हसली. सर ड्रॉपर खिशात घालून परत आले. "समुदायाची साक्ष वेगळी आणि प्रत्यक्षदर्शीची वेगळी," असं मला सांगत बसले. काकू प्रत्यक्षच बघत होत्या, पण ते मी बोलले नाही.

मावशी आमच्याकडे आली त्यानंतरच्या उन्हाळ्यात. माझ्या आईची धाकटी बहीण. लहान वयात विधवा झालेली, मूल नाही, आणि सासरच्यांनी टाकलेली. पुढे तिचं सगळं आयुष्य माझ्या माहेरी, कोरेगाव तालुक्यातल्या आमच्या खेड्यात गेलं. पोटात पाणी व्हायला लागलं तेव्हा माझ्या भावाने तिला सांगलीच्या मोठ्या डॉक्टरांना दाखवायला आणलं. डॉक्टरांनी दोनदा पाणी काढलं आणि घरी न्या म्हणाले. घर म्हणजे आमची मागची खोली.

मावशीला दोनच गोष्टी हव्या होत्या. एकदा प्रभुभोजनाची भाकरी आणि द्राक्षारस, आणि मेल्यावर दफनभूमीत नीट जागा. दोन्ही बाप्तिस्मा झालेल्यालाच मिळतं. "मला जाळू नगासा, एवढं बघ," असं मला रोज सांगायची.

चर्चचे पाळकसाहेब नवीन होते, तरुण आणि स्वभावाने मऊ. मी निरोप धाडला तसे लगेच दुसऱ्या दिवशी भाकरीची डबी आणि द्राक्षारसाची बाटली घेऊन आले. अंगणात सर खुर्ची टाकून बसले होते.

"या बाईंचा बाप्तिस्मा झाला आहे?" सरांनी विचारलं.

"झालाय म्हणतात."

"कशावरून?"

पाळकसाहेबांनी डबी दुसऱ्या हातात घेतली. सर त्यांच्या प्रवचनातल्या चुका काढून दर सोमवारी त्यांना ऐकवत, त्यामुळे ते सरांना घाबरत. आत मावशी उशीला टेकून, डोक्यावर पदर घेऊन, तोंड धुऊन बसली होती. तिला सगळं ऐकू येत होतं. "कमिटीत घेऊ," पाळकसाहेब म्हणाले आणि डबी घेऊन परत गेले.

मावशीचा बाप्तिस्मा आमच्या गावच्या विहिरीत झाला होता. सायकलवरून फिरणारे एक प्रचारक होते, त्यांनी दिला. सासरच्यांच्या भीतीने तो गुपचूप उरकला. प्रचारक पुढच्याच पावसाळ्यात वारले, नोंद करायची राहिली. आई गेली. विहिरीवर त्या दिवशी असलेल्यांपैकी जिवंत म्हणजे मावशी आणि मी. मी तेव्हा चौथीत होते. मावशीचं कोरडं लुगडं हातात धरून पायरीवर उभी होते. गावाकडे याबद्दल कधी कोणी विचारलं नव्हतं. तिथे ती वर्षानुवर्षं प्रभुभोजन घेत आली होती.

पाळकसाहेबांनी मधला मार्ग काढला. संध्याकाळी सरांची फिरायची वेळ बघून आले आणि मावशीला म्हणाले, "आजी, मी परत बाप्तिस्मा देतो. वाटीभर पाणी लागेल. प्रश्नच मिटला."

मावशीने त्यांच्याकडे बघितलं. "म्हंजे पयला खोटा?"

"तसं नाही, आजी."

"मग कसं? एकदा झालाय न्हवं? त्याच्यापायी सासर गेलं माझं. आता मरतावक्ताला दुसरा घिऊन त्याला खोटं पाडू व्हय? न्हाई जमायचं, बाबा."

म्हणून मला कमिटीपुढे उभं राहावं लागलं.

चर्चच्या बाजूच्या खोलीत सगळे पंच बाकांवर बसले होते. मी त्या खोलीत झाडायला कितीदा गेले असेन, पण तिथे बोलायला कधी उभी राहिले नव्हते. पदर बोटाला गुंडाळत होते. घरी मला अगंतुगं करणारे सर तिथे म्हणाले, "साक्षीदार बाई, तुम्ही काय पाहिलंत ते सांगा."

मी सांगितलं. दिवाळी होऊन गेली होती. गव्हाला पाणी चालू होतं. प्रचारक आधी उतरले, मग मावशी. त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला, तिला पाण्यात बुडवलं आणि वर काढलं. ती रडत वर आली. मी लुगडं दिलं.

"बाप्तिस्म्याचे शब्द ऐकले?"

"नाही."

"का?"

"इंजिन चालू होतं. शेतात पाणी सोडलेलं."

सर बाकीच्या पंचांकडे वळले. "शब्द ऐकले नाहीत. मग ती आंघोळ नव्हती, हे कशावरून?"

दोन-तीन जण हसले. मी बाहेर आले. जे बोलायचं होतं ते मला दोन दिवसांनी भाकरी थापताना सुचलं. आंघोळ केली म्हणून कोणी सुनेला घराबाहेर काढत नाही. सासरच्यांनी मावशीला टाकलं ते त्या विहिरीनंतर आठवड्याच्या आत. आणि विधवा बाईने जन्मभराचा आसरा जाईल असं खोटं कशाला सांगावं? सरांचाच मुद्दा होता. इतकी वर्षं त्यांनी तो माझ्या कपड्यांच्या दोऱ्यांखाली घोकला होता. पण ऐन वेळी माझ्या तोंडात काही आलं नाही, आणि त्यांच्या डोक्यात तो मुद्दा कबरेपाशीच राहिला, सांगलीपर्यंत आला नाही.

कमिटीने निर्णय पुढे ढकलला. सर म्हणाले, "मी स्वतः जाऊन बघतो." आणि खरोखर गेले. मे महिन्यात, टोपी घालून, पॅसेंजरने कोरेगावला, तिथून एसटीने आमच्या गावाला. सोबत खुणा केलेली काठी. भाऊ नंतर सांगत होता, "अगं, तुझा घरमालक काठी घिऊन हिरीत उतरला. आमाला वाटलं, म्हातारा जीव देतुय का काय. चौगं पळत गेलो. बगतो तर पँट वर करून पाणी मोजतुय. मी म्हनलं, आवं सर, ह्या दिसात हिरीत बेडूक बुडत न्हाई, दिवाळीत या, आन् मग सोता बुडून बगा."

सर त्या गावात असतानाच इकडे मावशी गेली. सकाळी तिने पाणी मागितलं, दोन घोट घेतले आणि मान टाकली. उन्हाचे दिवस, ठेवून घ्यायची सोय नव्हती. आमचे हे पाळकसाहेबांकडे गेले. पाळकसाहेब म्हणाले, सर आल्याशिवाय मी कसं ठरवू. हे म्हणाले, सर उद्या येतील, देह उद्यापर्यंत थांबायचा नाही. शेवटी पाळकसाहेबांनी तोड काढली. दफनभूमीत मागच्या भिंतीकडेला, जिथे बाप्तिस्म्याचं पाणी न शिंपडताच गेलेली तान्ही पोरं ठेवतात, तिथे तात्पुरतं ठेवा. निर्णय झाला की बघू. ते प्रार्थना करायला आले, पण फाटकाच्या बाहेरच उभे राहिले. खड्डा आमच्या ह्यांनी खणला. ओळीतल्या कबरींना नाव आणि क्रूस असतो. तिथे नुसता दगडाचा चिरा ठेवला.

दुसऱ्या दिवशी सर आले. पँटीला गुडघ्यापर्यंत चिखलाची रेघ होती. मला बघून म्हणाले, "विहिरीत गुडघाभर पाणी आहे. माणूस बुडवणं अशक्य. तुझी साक्ष उभी राहत नाही."

"मावशी गेली," मी म्हटलं.

त्यांनी टोपी काढली. ह्या वेळी कशावरून विचारतात की काय असं मला वाटलं. विचारलं नाही. "वाईट झालं," म्हणाले आणि हातपाय धुवायला गेले.

पाळकसाहेबांनी पुढच्या बैठकीत धीर करून म्हटलं म्हणे, "सर, आपल्या मंडळीत पाणी डोक्यावर शिंपडतात. गुडघाभर पुष्कळ झालं." त्यावर सर म्हणाले, "प्रश्न पाण्याचा नाही, साक्षीचा आहे. बाई बुडवलं म्हणते. ते खोटं ठरलं तर बाकीचं खरं कशावरून?" मी दिवाळी म्हटलं होतं आणि ते मे महिन्यात गेले होते, हे बैठकीत कोणीच काढलं नाही. माझी दिवाळी ही आठवण होती. त्यांचा मे हे ज्ञान होतं.

प्रकरण विचाराधीन राहिलं. दुसऱ्या वर्षी ईस्टरला सर उभे राहिले आणि तेच भाषण तसंच केलं. बायका आधी गेल्या, त्यांनी पाहिलं, पुरुषांनी त्यांची साक्ष धरली नाही. "त्या पुरुषांना लाज वाटायला हवी होती," सर म्हणाले आणि चष्मा काढून बायकांच्या बाजूला बघू लागले. मी तिसऱ्या बाकावर होते. माझ्यावरून त्यांची नजर गेली. जशी बाकावरून गेली तशीच माझ्यावरून. मंडळीने मनापासून आमेन म्हटलं. मी त्या दिवशी मान हलवली नाही, पण ते बघायला कोणी माझ्याकडे बघत नव्हतं.

पुढे चार-पाच वर्षांत सरांचं डोकं गेलं. आधी किल्ल्या विसरायला लागले, मग रस्ता, मग बायको वारली आहे हे. पंचाची जागा सोडावी लागली. दर रविवारी हे त्यांना हाताला धरून चर्चला न्यायचे, आणायचे. घरी आल्यावर ते मला विचारायचे, "आज प्रभुभोजन होतं का? मी घेतलं का?"

"घेतलं."

"बरं."

बस एवढंच. जो माणूस कोथिंबिरीचा पुरावा मागायचा, तो आपण प्रभूच्या मेजाशी बसलो की नाही हे माझ्या तोंडून ऐकून गप्प बसायचा.

त्याच सुमाराला दफनभूमीची मागची भिंत नवी बांधायचं निघालं. पाया खणायचा तर कडेच्या कबरींचं काय करायचं ते बघायला पाळकसाहेब आले. आता ते काही नवीन राहिले नव्हते, केस पिकायला लागले होते. अंगणात बसून म्हणाले, "त्या आजींचं प्रकरण तसंच राहिलंय. ओळीत घ्यायचं तर पंचांपुढे काहीतरी ठेवायला लागेल." मग सहज, चेष्टेनेच, सरांकडे वळून म्हणाले, "काय सर, त्या कोपऱ्यातल्या बाईंचा बाप्तिस्मा झाला होता का?"

सर खुर्चीत पांघरूण घेऊन बसले होते. त्यांनी माझ्याकडे बोट केलं. "हिला विचारा. हिला माहीत आहे."

त्यांच्या तोंडून 'माहीत आहे' हे शब्द मी दुसऱ्या कोणाबद्दल कधी ऐकले नव्हते. पोपच असो की पाळक, बाकी सगळ्यांना ते 'वाटत' असायचं. मी पाळकसाहेबांकडे बघितलं. ह्या वेळी मी गप्प बसले नाही. म्हटलं, "सर सांगतायत ते लिहून घ्या."

पाळकसाहेब हसले. वाईट हसले नाहीत. "सरांचं बोलणं आता कोण धरणार, ताई? काल मला ते स्टेशनमास्तर समजले." आणि उठले.

भिंत मावशीला वळसा घालून बांधली. तेवढीच भिंतीला एक वाकडी जागा आली आहे. मावशी ओळीत नाही, पण आवारात आहे. सरांना ती विहीरही आठवत नव्हती.

लोक म्हणायचे, देवाने कसा गर्व उतरवला बघ बिचाऱ्याचा. मला तसं वाटलं नाही. कीवही आली नाही. डोकं ठिकाणावर होतं तेव्हा त्यांनी माझं खरं बोलणं खोट्यात काढलं आणि डोकं गेल्यावर खऱ्यात धरलं. दोन्ही वेळा त्यांनी मला तपासून काही ठरवलं नव्हतं.

पाळकसाहेब उठून गेले त्या दुपारी मी सरांना जेवायला वाढलं. डॉक्टरांनी रक्तदाबामुळे त्यांचं मीठ बंद करून बरेच महिने झाले होते.

"आमटीत मीठ आहे?" त्यांनी विचारलं.

"आहे," मी म्हटलं.

"आणि त्या बाईंचा बाप्तिस्मा?"

"झाला होता."

"बरं," सर म्हणाले, आणि दोन्ही उत्तरं एकाच घासाबरोबर गिळून टाकली.